एक जून

आमच्या शाळेत एक जूनला बारा जणांचा वाढदिवस असायचा. केक कधी कापला गेला नाही, कारण शाळेला सुट्टी. आणि खरं सांगायचं तर त्या बारांपैकी एकाचीही आई एक जूनला बाळंत झालेली नव्हती. बाप पोराला शाळेत घालायला घेऊन यायचा. गुरुजी विचारायचे, जन्म कधीचा? बाप म्हणायचा, पोळ्याच्या दुसऱ्या दिवशीचा, त्या साली आमच्या विहिरीला पाणी लागलं बघा. गुरुजी पोराला उजवा हात डोक्यावरून नेऊन डावा कान धरायला लावत. कान हाताला लागला की पोरगं सहा वर्षांचं झालं. मग टाक दौतीत बुडवून लिहायचं : १ जून, अमुक साल.

मी एका खाजगी अनुदानित हायस्कूलमध्ये पस्तीस वर्षं लिपिक होतो. १९८५ला कनिष्ठ म्हणून चिकटलो, मुख्य लिपिक होऊन बाहेर पडलो. शिक्षक मला भाऊसाहेब म्हणत, पोरं क्लार्क सर म्हणत आणि संस्थेचे सचिव नुसतं 'ए' म्हणत. पगारबिलं, सेवापुस्तिका, शाळा सोडल्याचे दाखले, आवक-जावक असं सगळं माझ्या हातून गेलं. पण या सगळ्या कागदांत ज्याला हात लावताना माझा हात थोडा थांबायचा असा एकच कागद होता, ज्येष्ठता यादी.

दिसायला साधा कागद. आडव्या फुलस्केपवर रकाने आखायचे : अनुक्रमांक, नाव, जन्मतारीख, पात्रता, नियुक्तीचा दिनांक, प्रवर्गात आल्याचा दिनांक, शेरा आणि शेवटी सही. दरवर्षी ती सगळ्यांना फिरवायची, सह्या घ्यायच्या, कुणाची हरकत असली तर नोंदवायची, आणि हरकत संस्थेत मिटली नाही तर शिक्षणाधिकाऱ्यांकडे पाठवायची. हे खाजगी शाळांच्या सेवाशर्तींच्या नियमावलीतला नियम १२ सांगतो. पण नियम १२ लोकांना पाठ होता तो नियम ३मुळे. मुख्याध्यापकाची जागा रिकामी झाली की संस्थेनं आपल्या शिक्षकांतला सर्वांत ज्येष्ठ, पात्रता पूर्ण करणारा आणि सेवेचा अभिलेख समाधानकारक असलेला माणूस तिथं बसवायचा, असं नियम ३मध्ये लिहिलं आहे. म्हणजे त्या फुलस्केपवरचा पहिला अनुक्रमांक ही साधी गोष्ट नव्हती. पंचवीस-तीस वर्षं एकाच पायरीवर खडू झिजवणाऱ्या माणसाला आयुष्यात मिळणारी ती एकच बढती होती.

ही नियमावली ज्या कायद्याखालची, तो कायदा १९७७चा. नाव लांबलचक, महाराष्ट्र खाजगी शाळांतील कर्मचारी (सेवेच्या शर्ती) विनियमन अधिनियम. शिक्षक त्याला एमईपीएस म्हणतात. लागू झाला १५ जुलै १९८१ला, आणि नियमावलीही त्याच वर्षीची. त्याआधी माध्यमिक शाळा संहिता होती, पण तिला कायद्याचं बळ नव्हतं. संस्थाचालकानं ती पाळली तर पाळली. आमच्या शाळेतले शिपाईमामा त्या काळच्या गोष्टी सांगायचे. एप्रिलच्या शेवटच्या दिवशी कागद हातात द्यायचे, 'सेवेची गरज उरली नाही', आणि जूनमध्ये पुन्हा बोलवायचे, म्हणजे सुट्टीतला पगार वाचला. मुख्याध्यापक कोण, हे अध्यक्षांच्या ओसरीवर ठरायचं. एकदा एका मुख्याध्यापकांनी अध्यक्षांच्या नातवाला नववीत नापास केलं, तर जूनमध्ये ते सहायक शिक्षक म्हणून आले आणि सहायक शिक्षक मुख्याध्यापक म्हणून. मामा हे हसत सांगायचे. त्यात हसण्यासारखं काय होतं, ते मला अजून कळलेलं नाही.

तर एमईपीएसनं काय केलं? खुर्ची ओसरीवरून उचलली आणि तारखेवर ठेवली. नेमणुकीची तारीख, बी.एड. झाल्याची तारीख, जन्माची तारीख. तारखेला कुणाच्या घरी जेवायला जाता येत नाही.

नियमावलीला जोडलेली अनुसूची 'फ' आहे. मी ती इतक्या वेळा वाचली की झोपेतून उठवलं तरी सांगीन. शिक्षकांचे प्रवर्ग पाडलेत. ज्येष्ठता मोजायची ती त्या प्रवर्गात माणूस आला त्या दिवसापासून, शाळेत पाय ठेवला त्या दिवसापासून नव्हे. निम्मी भांडणं इथंच. नुसता बी.एस्सी. होऊन १९७५ला लागलेला माणूस १९८२ला बी.एड. झाला आणि मधे १९७८ला एखादी बी.ए. बी.एड. बाई लागली, तर प्रशिक्षित पदवीधरांत ती त्याच्या पुढं. तो बिचारा म्हणणार, मी आलो तेव्हा ही कॉलेजात होती! खरंच होती. आणि दोघांची प्रवर्गातली अखंड नेमणूक एकाच तारखेची असेल तर? तर वयानं मोठा तो ज्येष्ठ. हे टीप म्हणून लिहिलंय, बारीक अक्षरात.

आमच्या शाळेचं चार वर्षांचं भांडण या टिपेतून उगवलं.

१३ जून १९७७, सोमवार. त्या दिवशी तालुक्याच्या स्टँडवर एकाच एस.टी.तून दोघं उतरली, गणिताच्या बाई आणि भूगोलाचे सर. दोघंही बी.एड. दोघांची हजेरीपटावर एकाच दिवशी पहिली सही. बाई वऱ्हाडातल्या, लग्न होऊन इकडं आलेल्या; जन्मतारीख १ जून १९५१. सर जवळच्याच गावचे, वडील तलाठी, जन्म सरकारी दवाखान्यातला. तारीख ९ ऑक्टोबर १९५१. म्हणजे कागदावर बाई चार महिन्यांनी मोठ्या. यादीत बाई वर, सर खाली. १९८५पासून दरवर्षी मी तसंच लिहिलं, आणि दरवर्षी दोघांनी शेजारीशेजारी सह्या केल्या.

बाईंनी एकदा स्वतःच मला सांगितलं होतं, मधल्या सुट्टीत, डबा खाताना. "भाऊसाहेब, माझा जन्म पोळ्याचा. पण कुठल्या सालच्या पोळ्याचा ते वडलांनाही आठवत नव्हतं. गुरुजींनी एक्कावन्न घातलं." शेजारी सर बसले होते. म्हणाले, "म्हणजे कदाचित तुम्ही माझ्याहून धाकट्याही असाल, ताई म्हणायचं का नको?" सगळे हसले. तेव्हा २००५ फार लांब होतं.

३१ मे २००५ला आमचे मुख्याध्यापक निवृत्त व्हायचे होते. त्यांचीही तारीख एक जूनचीच. ज्याचा वाढदिवस पहिल्या तारखेला तो आदल्या महिन्याच्या अखेरीला घरी जातो, म्हणून आमच्याकडचे निरोपसमारंभ सगळे रखरखत्या उन्हाळ्यात, पोरांशिवाय होत. फेब्रुवारीत सचिवांनी मला बोलावलं. गाव त्यांना दादा म्हणे. दादांना सर हवे होते. सर त्यांच्या नात्यातले, हे खरं. पण सर कामाचे होते, हेही खरं, आणि ते मला इथं लिहिलंच पाहिजे. दादा म्हणाले, "बाईंकडून नकार लिहून घ्यायचा. तू टाइप कर." मी केला. 'माझ्या कौटुंबिक अडचणींमुळे मी मुख्याध्यापकपदावरील हक्क स्वखुशीने सोडत आहे.' सहीसाठी जागा मोकळी.

ज्येष्ठाला हक्क सोडता येतो, पण तो राजीखुशीनं सोडलाय याची शिक्षणाधिकाऱ्यांना खात्री पटावी लागते. तेवढी काळजी नियम घेतो. कारण नियम लिहिणाऱ्यांनी चहा पाजून सह्या घेणारे लोक बघितलेले असणार.

बाईंना दादांच्या घरी चहाला बोलावलं गेलं. मी फाइल घेऊन दाराशी उभा. दादा गोड बोलले. तुमची चारच वर्षं राहिलीत, कशाला डोक्याला ताप, मुख्याध्यापकाला रात्री-अपरात्री लोक येतात, तुम्ही बाईमाणूस. बाईंनी कागद पूर्ण वाचला. मग म्हणाल्या, "लिहून द्यायला हरकत नव्हती दादा. पण यातली कौटुंबिक अडचण कोणती ते मला सांगा, म्हणजे घरी गेल्यावर यांना विचारते." चहा तसाच ठेवून त्या उठल्या.

यानंतर जे झालं त्यात माझा हात आहे. नियम ३मध्ये ज्येष्ठतेबरोबर आणखी तीन शब्द आहेत : समाधानकारक सेवेचा अभिलेख. दार बंद केलं की संस्था या खिडकीतून येते. दादांनी तीन ज्ञापनं, म्हणजे ठपक्याची पत्रं, लिहून आणली. बाई वर्गावर उशिरा जातात, बाई पालकांशी नीट बोलत नाहीत, बाईंचा निकाल घसरला. तारखा २००२, २००३ आणि २००४च्या. "जावकला चढव," म्हणाले. जावक रजिस्टर म्हणजे क्रमानं चालणारी गोष्ट. दोन वर्षांपूर्वीच्या २१४ आणि २१५ या क्रमांकांच्या मधे जागा कुठून आणणार? मग लिपिकाची एक जुनी युक्ती असते. २१४/अ. ओळीच्या खालच्या पट्टीत, बारीक अक्षरात. तीन ज्ञापनं, तीन 'अ'. माझ्या घरी तेव्हा मुलीचं लग्न ठरलेलं होतं, दादांच्या पतसंस्थेतून कर्ज उचललेलं. कारण सांगतोय, बचाव करत नाही.

१ जूनला सर खुर्चीत बसले. बाईंनी तीस दिवसांच्या आत शाळा न्यायाधिकरणात अपील केलं. या कायद्यातलं मला सगळ्यांत आवडणारं कलम ९ आहे. बडतर्फ झालेला, पदावनत झालेला कर्मचारी दाद मागू शकतो हे आलंच, पण बढतीत डावलला गेलेलाही मागू शकतो. नोकरी शाबूत असताना, पगार चालू असताना, नुसतं 'माझी पाळी होती' एवढं म्हणायला एक जागा. न्यायाधिकरणाच्या निकालावर पुढं अपील नाही, पण उच्च न्यायालयात रिट करायला कुणी अडवू शकत नाही, आणि संस्थेला वकिलाची फी कुणाच्या खिशातून द्यायची नसते.

शिक्षणाधिकाऱ्यांनी सरांच्या नियुक्तीला मान्यता दिली, 'न्यायालयीन निर्णयाच्या अधीन राहून'. हे वाक्य ज्यानं प्रथम मराठीत लिहिलं त्याला मानलं पाहिजे. मान्यताही झाली आणि कुणी काही बोललंही नाही.

त्या चार वर्षांत मी जे पाहिलं ते कुठल्या निकालपत्रात येत नाही. शिक्षकखोलीत दोन टेबलं झाली. चहाच्या किटल्या दोन. नवीन लागलेली पोरं कुठं बसायचं म्हणून व्हरांड्यात उभी राहून चहा प्यायची. बाईंना सुनावणीला जायचं तर किरकोळ रजा टाकावी लागे. रजेच्या अर्जावर कारण लिहायचं : 'न्यायाधिकरणातील तारखेस हजर राहणे'. आणि तो अर्ज मंजूर कुणी करायचा? मुख्याध्यापकांनी. ज्यांच्या विरुद्ध तारीख, त्यांच्याच टेबलावर तो कागद. सरांनी एकही अर्ज अडवला नाही. अर्ज गेला की पाच मिनिटांत 'मंजूर' होऊन यायचा. बाई कधी आभार मानायच्या नाहीत, सर कधी वर बघायचे नाहीत.

आणि सर चांगले मुख्याध्यापक होते. हे मला फार अडचणीचं वाटतं, पण होते. कपाटात कुलपाखाली असलेली वाचनालयाची पुस्तकं त्यांनी व्हरांड्यात मांडली. मुलींसाठी वेगळी स्वच्छतागृहं बांधून घेतली. दहावीच्या नापास पोरांची ऑक्टोबरची फी स्वतः भरली. आता सांगा, बेकायदा बसलेला माणूस असा निघाला तर तुम्ही कुणाच्या बाजूनं? मला लोक विचारतात, भाऊसाहेब, ज्येष्ठता म्हणजे गुणवत्तेचा खून नाही का? वयानं मोठा तो हुशार असं थोडंच असतं? नसतं. मी ज्येष्ठतेनं आलेले असे मुख्याध्यापक पाहिलेत की जे तीन वर्षं फक्त निवृत्तीची फाइल तयार करत बसले. पण सर चांगले निघाले हा दादांच्या निवडीचा गुण नव्हता. दादांनी ते चांगले आहेत म्हणून निवडलेच नव्हते. गुणवत्तेनं निवडायचं म्हटलं की निवडणारा कोण, हा प्रश्न येतो, आणि आमच्या तालुक्यात त्या प्रश्नाचं उत्तर एकच होतं, ते ओसरीवर बसायचं.

माझा एक मित्र मुंबईत मिशनच्या शाळेत हेडक्लार्क होता. तो आमची ही भांडणं ऐकून हसायचा. "आमच्याकडे फादर येतात, चार वर्षांनी दुसरे फादर येतात. यादी-बिदी कोण बघतंय." त्याचं खरं होतं. एमईपीएसचं कलम ३ म्हणतं की अल्पसंख्याक शाळेच्या प्रमुखाच्या भरतीला, आणि संस्थेनं कळवलेल्या आणखी तिघांपर्यंतच्या भरतीला, हा कायदा लागू नाही. मुळाशी राज्यघटनेचं अनुच्छेद ३० आहे, आपल्या संस्था चालवण्याचा हक्क. केरळातल्या एका मुस्लिम संस्थेच्या हायस्कूलमध्ये ज्येष्ठ शिक्षकाला डावललं गेलं आणि ते प्रकरण सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेलं, एन. अम्मद विरुद्ध एमजे हायस्कूल, १९९८. न्यायालयानं सांगितलं, मुख्याध्यापक निवडणं हा शाळा चालवण्याच्या हक्काचा गाभा आहे. पात्र माणूस शाळेतला असो की बाहेरचा, संस्थेनं तो आपल्या मनानं निवडावा. पुढं २००६मध्ये केरळातल्याच मलंकरा कॉलेजच्या प्राचार्यपदाच्या खटल्यातही तेच धरलं गेलं. अम्मदच्या निकालात एक उपमा आहे, मुख्याध्यापक म्हणजे चाकाचा मधला भाग आणि शाळेतले बाकीचे सगळे त्याच्याभोवतीचे आरे. आमच्याकडे गाडीच्या चाकाच्या त्या मधल्या लाकडाला तुंबा म्हणतात. तुंबा बाभळीचा लागतो, तो तडकला तर आरे कितीही चांगले असोत, गाडी बसते. उपमा मला पटते. पण त्याच उपमेवरून दोन ठिकाणी दोन उलट नियम निघतात. एकीकडे तुंबा इतका महत्त्वाचा की मालकानंच निवडावा. दुसरीकडे इतका महत्त्वाचा की मालकावर सोडून चालणार नाही. मी दुसऱ्या गावचा, त्यामुळे मला दुसरं पटतं, एवढंच.

शेजारच्या तालुक्यात तर याहून पुढची मजल होती. तिथं संस्थेतच दोन गट. आमचंच मंडळ नोंदवा म्हणणारे दोन्ही गटांचे बदल अर्ज धर्मादाय आयुक्तांकडे पडून, त्यामुळे खरं कार्यकारी मंडळ कुठलं हे ठरेना. दोघांनी आपापला मुख्याध्यापक नेमला. काही महिने त्या शाळेत दोन हजेरीपट होते. शिपाई दोन्हीवर सह्या करायचा, कुणास ठाऊक कुठला खरा ठरेल.

परत आमच्याकडे येतो. बाईंच्या वकिलांना जुन्या ज्येष्ठता याद्या हव्या होत्या, ज्यांवर सरांनी बाईंच्या खाली निमूट सही केलेली होती. शाळेतल्या प्रती दादांनी मागवून घेतल्या त्या परत आल्याच नाहीत. पण प्रत्येक यादीची एक प्रत शिक्षण विभागाला गेलेली असते, आणि १२ ऑक्टोबर २००५पासून माहितीचा अधिकार आला होता. फक्त कुठल्या तारखेला, कुठल्या जावक क्रमांकानं गेली हे माहीत असलं की काम सोपं. बाई एके दिवशी कार्यालयात आल्या, म्हणाल्या, "भाऊसाहेब, जावक रजिस्टर बघायचंय." मी म्हटलं, "मी बँकेत चाललोय बाई. कपाट उघडं आहे, मामांना सांगून बंद करून घ्या." बँकेत माझं काही काम नव्हतं. स्टँडवर जाऊन अर्धा तास गाड्या बघत बसलो. त्या रजिस्टरात जुन्या याद्यांचे क्रमांक होते तसे माझे तीन 'अ'ही होते. बाईंना ते दिसणार, हे मला ठाऊक होतं.

दहा रुपयांच्या कोर्ट फी स्टॅम्पवर बाईंनी सात वर्षांच्या याद्या मिळवल्या. रजिस्टर न्यायाधिकरणानं मागवलं. २००८च्या फेब्रुवारीत निकाल लागला. त्यात त्या 'अ'वर जवळजवळ अर्धं पान होतं. शाई वेगळी, अक्षर दाटीवाटीचं, पोचपावती नाही. आणि नियम १५ होता. गोपनीय अहवाल दरवर्षी लिहायचा, प्रतिकूल शेरा असेल तर कर्मचाऱ्याला वेळेत कळवायचा. लिहिला नाही किंवा कळवला नाही तर त्या वर्षाचं काम समाधानकारक होतं असं धरायचं. मला हा नियम फार माणुसकीचा वाटतो. कुणी काही बोललं नाही ना, मग तू चांगलाच होतास. घरात, गावात हे इतकं सोपं असतं तर बरं झालं असतं.

बाई जिंकल्या. १ जून २००५ हा मानीव दिनांक धरून, म्हणजे त्या दिवसापासून त्याच खुर्चीत होत्या असं मानून, मुख्याध्यापकपद आणि वेतनातला फरक द्या, असा आदेश झाला. संस्था उच्च न्यायालयाच्या खंडपीठात गेली. मधल्या दोन महिन्यांत पगारबिलावर सही कुणाची, यावर घोळ. आदेशानं बाई, खुर्चीत सर. बिल वेतन पथकातून परत आलं. छत्तीस माणसांचा पगार रखडला, आणि ज्यांनी तोवर बाईंना चोरून शाबासकी दिली होती तेच व्हरांड्यात म्हणू लागले, एका बाईच्या हट्टापायी आमचे हप्ते थकले. न्यायाचा खर्च असा फुटकळ वाटला जातो, आणि वाटून झाल्यावर लोक न्याय मागणाऱ्याकडे वसुलीला येतात. मग स्थगिती आली, सरांची सही पुन्हा चालू झाली, पगार झाले, सगळे गप्प. पुढच्या जानेवारीत याचिका फेटाळली गेली.

२ फेब्रुवारी २००९ला, सोमवारी, बाईंनी पदभार घेतला. सरांनी किल्ल्यांचा जुडगा, शिक्के, चेकबुक आणि जडसंग्रह नोंदवही टेबलावर मांडून ठेवली होती. पदभार यादीवर दोघांनी सह्या केल्या. चार वर्षांनी एका कागदावर शेजारीशेजारी, बाई वर, सर खाली. मी शिक्का मारला. सर आपला खडू-डस्टर घेऊन आठवी 'ब'च्या वर्गावर गेले.

३१ मे २००९ला बाई निवृत्त झाल्या. त्यातही दहावीची परीक्षा आणि सुट्टी धरली तर खुर्चीत बसून शाळा चालवली असे दिवस साठ भरतील की नाही शंका. आणि १ जूनला, यादीप्रमाणे, पूर्ण कायदेशीरपणे, पुढचा अनुक्रमांक मुख्याध्यापक झाला. सर. ३१ ऑक्टोबरपर्यंत, पाच महिने. दोघांच्या वयातला तो चार महिन्यांचा फरक, ज्यासाठी एवढं सगळं झालं, तो शेवटी असा वसूल झाला.

मधल्या चार वर्षांत जे शेकडो दाखले सरांच्या सहीनं गेले त्यांचं काय, असं मी वकिलांना घाबरत विचारलं होतं. ते म्हणाले, खुर्चीत बसून रीतसर केलेलं काम खुर्चीवरचा हक्क गेला म्हणून रद्द होत नाही, नाहीतर पोरांनी काय पाप केलं? माझा जीव भांड्यात पडला. त्यातले निम्मे दाखले मी लिहिलेले होते.

आता हे सगळं परत वर येण्याचं कारण माझा पुतण्या. सातवीला शिकवतो, शिक्षणहक्क कायद्याच्या आधी लागलेला. १ सप्टेंबर २०२५ला सर्वोच्च न्यायालयाचा निकाल आला, मुंबईच्या अंजुमन इशात-ए-तालीम ट्रस्टचं प्रकरण. पहिली ते आठवीच्या ज्या जुन्या शिक्षकांची नोकरी पाच वर्षांहून जास्त उरलीय त्यांनी दोन वर्षांत टीईटी, म्हणजे शिक्षक पात्रता परीक्षा, पास व्हायचं. पाचहून कमी उरली असेल तर नोकरीला धक्का नाही, पण बढती हवी तर टीईटी हवीच. पुतण्याच्या शाळेत यादीत पहिले आहेत ते पंचावन्न वर्षांचे सर. रोज रात्री चष्मा लावून बालमानसशास्त्राचे पर्यायी प्रश्न सोडवतात म्हणे. दुसऱ्या नंबरच्या बाई आधीच पास आहेत. पुतण्या म्हणाला, काका, आमच्या शिक्षकखोलीत हल्ली चहा दोन ठिकाणी होतो.

मी काही बोललो नाही.

बाईंची शेवटची आठवण २०११ची. श्रावणात कार्यालयाला रंग दिला, आणि मुख्याध्यापकांच्या नावांचा जुना फलक पेंटरकडे नव्यानं लिहायला दिला. नाव, कधीपासून, कधीपर्यंत. तोवर दादा संस्थेच्या निवडणुकीत पडले होते, नव्या लोकांना या कशाचं सोयरसुतक नव्हतं. म्हणाले, भाऊसाहेब, तुम्हाला माहीत आहे ते लिहून द्या. मी अडलो २००५पाशी. बाईंना फोन लावला.

"मी बसले तेवढंच लिहा भाऊसाहेब. दोन फेब्रुवारी ते एकतीस मे. खोटं कशाला?"

मी म्हटलं, "बाई, एक एक जून तुम्ही आयुष्यभर चालवलात. हा दुसरा तर कोर्टानं दिलाय."

पलीकडून बराच वेळ काही आलं नाही. मग म्हणाल्या, "पोळ्याला घरी या, पुरण घालते," आणि फोन ठेवला.

मी पेंटरला कागद लिहून दिला. बाई, १-६-२००५ ते ३१-५-२००९. सर, १-६-२००५ ते १-२-२००९, प्रभारी. आणि पुन्हा १-६-२००९ ते ३१-१०-२००९. त्यानं दोनदा वाचला, कानामागची पेन्सिल काढली. "भाऊसाहेब, एका खुर्चीत दोघं कशी?"

"लिही तू."

"बरं. पण एकाच तारखेची दोन नावं आहेत. आधी कुणाचं घेऊ?"

"बाईंचं," मी म्हटलं. "ज्येष्ठ आहेत."